पैसे गेले, पण पोहोचले का?

माणूस आणि यंत्र यांच्यामधल्या दोन दऱ्या डिझाइनचे अभ्यासक डोनाल्ड नॉर्मन यांनी १९८६ मध्ये दाखवून दिल्या. हवे ते करण्यासाठी काय दाबावे हे न कळणे, ही पहिली. दाबल्यावर काय घडले हे न कळणे, ही दुसरी. आपल्याकडे डिझाइनची चर्चा पहिलीभोवतीच फिरते. बटण मोठे आणि जवळ असेल तर बोट लवकर पोहोचते, हा मानसशास्त्रज्ञ पॉल फिट्स यांचा १९५४ चा नियम सगळ्यांना पाठ असतो. मुंबईत मात्र दुसरी दरी अधिक महागात पडते, असे माझे मत आहे.

दादर स्थानकाबाहेरची वडापावची गाडी घ्या. गिऱ्हाईक यूपीआयने पैसे पाठवते आणि पडद्यावर चक्र फिरत राहते. वापरसुलभतेचे अभ्यासक याकोब निल्सन यांच्या मांडणीनुसार दशांश सेकंदात आलेले उत्तर तत्काळ वाटते, एका सेकंदापर्यंत विचारांची साखळी तुटत नाही आणि दहा सेकंदांनंतर लक्ष उडते; इथे तर मागे रांग खोळंबलेली असते आणि लोकल पकडायची असते. अशा वेळी पैसे पुन्हा पाठवावेत की थांबावे, हे त्या चक्रावरून कळत नाही.

पण या व्यवहारात माणसे दोन आहेत, आणि पाठ्यपुस्तकातला वापरकर्ता बहुधा एकटाच पडद्यासमोर बसलेला असतो. विक्रेत्याचे हात बेसनाने माखलेले, डोळे कढईवर. मोकळे असतात ते फक्त कान. म्हणूनच जमा झालेली रक्कम मोठ्याने सांगणारा तो छोटा स्पीकर मला गेल्या काही वर्षांतले सर्वांत समंजस डिझाइन वाटते. गिऱ्हाइकाने पुढे केलेला मोबाइल पाहण्यासाठी विक्रेत्याला हात पुसावे लागत नाहीत, आणि पैसे पाठवल्याचा खोटा पडदा दाखवून फसवणेही अवघड होते. (शेजारच्या दुकानातली उलाढाल सगळ्या फुटपाथला ऐकू जाते, ही त्याची किंमत.)

तरीही एक उणीव राहते. स्पीकर रक्कम सांगतो, पण ती कोणाची हे सांगत नाही. गर्दीच्या वेळी तिघांनी प्रत्येकी दोन वडापाव घेतले आणि घोषणा दोनच झाल्या, तर विक्रेत्याला शेवटी तिघांचे मोबाइल पाहावेच लागतात. रकमेसोबत पाठवणाऱ्याचे पहिले नाव उच्चारले, तर हा घोळ बराच कमी होईल. मात्र ते नाव सगळ्या रांगेला ऐकू जावे का, हे गिऱ्हाइकाला ठरवू द्यावे लागेल.