तारखांची याचिका

गेल्या वर्षी जुलैतल्या एका सोमवारी, मी उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठातून माझ्या वकिलीच्या कार्यालयात परतलो तेव्हा अंबाजोगाईकडून पहाटेच्या एसटीने आलेले बाप-लेक माझी वाट पाहत होते. मुलगी बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षी एका विषयात अनुत्तीर्ण झाली होती, पुनर्मूल्यांकनाचा अर्ज शुल्कासह भरून 58 दिवस उलटले होते आणि एम.एस्सी.च्या प्रवेशाची मुदत शुक्रवारी संपत होती.

"साहेब, ग्राहक मंचात टाकू का? पैसे तर भरलेत की लेकरानं," वडिलांनी विचारले. शंका रास्त होती. परंतु परीक्षा घेणे ही ग्राहक कायद्यातील 'सेवा' नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये बिहारच्या परीक्षा मंडळाच्या प्रकरणात ठरवलेले असल्याने ती वाट बंद होती.

मुलीने मात्र वडिलांच्या नकळत एक शहाणपणाचे काम केले होते. दहा रुपयांचे कोर्ट फी तिकीट लावून तिने माहिती अधिकारात स्वतःच्या उत्तरपत्रिकेची प्रत मागवली होती. हा हक्क सर्वोच्च न्यायालयाच्या 2011 च्या आदित्य बंदोपाध्याय निकालाने परीक्षार्थींना मिळालेला आहे. त्या प्रतीत एका उत्तराचे अख्खे पान तपासनिसाच्या पेनाचा स्पर्श न होता तसेच राहिले होते. विद्यार्थी तक्रार निवारण कक्षाला पाठवलेल्या अर्जाची पोचही तिच्याजवळ होती. विद्यार्थ्यांच्या तक्रारींवरील अपील ऐकणाऱ्या लोकपालांकडे जाता आले असते, पण शुक्रवार त्यासाठी थांबणार नव्हता.

"सर, ते गुण कोर्टच देऊ शकणार नाही का?" तिने विचारले. मी ती मागणी लिहिण्यास नकार दिला. न्यायालय परीक्षक होत नाही, आणि पुनर्मूल्यांकनाचा हक्क नियमांत असेल तेवढाच, हे सर्वोच्च न्यायालयाच्या 1984 च्या परितोष शेठ प्रकरणापासून स्पष्ट आहे. येथे नियम होता, शुल्कही स्वीकारलेले होते. म्हणून राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खालील, म्हणजे उच्च न्यायालयाच्या रिट अधिकारातील, याचिकेत ठरावीक मुदतीत निर्णय द्यावा, एवढेच मागितले आणि प्रत्येक परिच्छेदात युक्तिवादाऐवजी तारखा मांडल्या.

मंगळवारी सर्क्युलेशन, म्हणजे तातडीने सुनावणीला घेण्याची परवानगी, मिळाले, बुधवारी सुनावणी झाली. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 निकालासाठी जास्तीत जास्त 45 दिवस देतो. ही मुदत पुनर्मूल्यांकनाला थेट लागू होत नाही, हे मी आधीच मान्य केले. मात्र निकालाची घाई करणारा कायदा त्याच निकालाची दुरुस्ती बेमुदत लांबवू देईल, असा अर्थ काढता येत नाही, असे मांडले. परीक्षक उपलब्ध नाहीत, असे विद्यापीठाच्या वकिलांनी सांगताच खंडपीठाने केवळ विचारले, "मग किती दिवस हवेत?" जेवणाच्या सुटीनंतर उत्तर आले : उद्या सायंकाळपर्यंत.

गुरुवारी रात्री निकाल लागला, ती उत्तीर्ण झाली आणि शुक्रवारी तिचा प्रवेशही झाला. तिच्या पसंतीच्या महाविद्यालयातील जागा मात्र पहिल्याच फेरीत भरल्या होत्या. त्या नुकसानीबद्दल मी याचिकेत काहीच मागितले नव्हते. सोमवारी तो प्रश्न मला सुचलाच नव्हता.