सोनवेळेचा आराखडा: वेळ ठरली, रंग गेले

माळवटच्या आभाळाचं काम बरंच पुढं सरकलंय. नव्यानं येणाऱ्यांसाठी: माळवट ही मी रचत असलेली कल्पित दुनिया, कोरडवाहू पठारावरची. तिथं पिढीत एखाद्याच वेळी आभाळ पिवळंधमक पेटतं, ती सोनवेळ.

हिरव्या ध्रुवीय प्रकाशाचा (ध्रुवांकडच्या आभाळात रात्री झळकतो तो) जुना बेत बाजूला ठेवला. माळवट मला आपल्या बीड-परभणीच्याच अक्षांशावर हवंय, १९ अंशांच्या आसपास, म्हणजे तिथली तिन्हीसांज गच्चीवर बसून ताडता येते. मे २०२४ च्या सौरवादळात लडाखच्या हानलेहून लाल प्रकाश टिपला गेला हे खरं, पण एवढ्या दक्षिणेला गावंच्या गावं अंगणात येतील असं काही त्यातून निघत नाही.

मग सोडियम धरलं. उल्का जळतात तेव्हा त्यांच्यातलं सोडियम साधारण ९० किलोमीटर उंचीवर थर करून राहतं. थर फार विरळ, डोळ्यांना कळत नाही. मोठ्या वेधशाळा त्याच्यावर पिवळा लेझर सोडून कृत्रिम तारा उजळवतात. २१ नोव्हेंबर १९६३ ला केरळातल्या थुंब्याहून संध्याकाळी उडालेल्या रॉकेटमध्येही सोडियमची वाफच होती आणि तिचा ढग आभाळात चमकला होता. माळवटात हे काम धूमकेतूकडं दिलंय. त्याच्या धुळीच्या पट्ट्यातून ग्रह जातो, काही रात्री उल्का बरसतात, मग थर दाटतो आणि ऊन पडलं की पिवळा चमकतो.

सगळ्यात मजा आली ती वेळ काढताना. ग्रह पृथ्वीएवढाच धरला. जमिनीवर सूर्य बुडाला तरी ९० किलोमीटरवर ऊन असतंच. सूर्य क्षितिजाखाली साडेनऊ अंश जाईपर्यंत डोक्यावरचा थर उन्हात राहतो. आपल्या अक्षांशावर हे साधारण ४० मिनिटांचं काम. त्यातली पहिली २५ मिनिटं नेहमीच्या संधिप्रकाशातच जातात. म्हणजे डोक्यावर भरात असलेली सोनवेळ जेमतेम पाव तास! पुढची ४० मिनिटं ती पश्चिमेकडं ओसरत जाते. पहाटे हेच उलट्या क्रमानं. (रात्रभरही हा थर ओझोनच्या जोरावर अगदी मंद उजळतो, शास्त्रज्ञ सिडनी चॅपमन यांनी १९३९ मध्ये त्यातल्या रासायनिक क्रियांची साखळी मांडली, पण ते माझ्या कामाचं नाही. मला दिवेलागणीचीच घाई हवी.)

एक सवलत मात्र घेतलीय. सोडियमचा प्रकाश ५८९ नॅनोमीटरच्या आसपासच्या दोन बारीक रेषांचा, म्हणजे जवळपास एकाच पिवळ्या रंगाचा, तेवढ्यातून जमीन उजळवणं अवघड. तिथं मी पदरचं मीठ घातलंय.

आणि मीठ खरोखरच कामाला आलं. स्पिरिटच्या दिव्याची वात मिठाच्या पाण्यात भिजवून वाळवली आणि खोली बंद करून पेटवली. ज्योत पिवळी, तीही त्याच सोडियमची. समोर आईची पैठणी. पदरावरचे हिरवे पोपट अन् त्यांच्या लाल चोची एकाच मळकट काळसर रंगात गेल्या, जर मात्र लखलखत राहिली. "त्या पैठणीपाशी इस्तू आणू नकोस," आई दारातनंच म्हणली. मग पैठणी उचलून ताटलीत वसमतची हळद आणि ज्वारीचं पीठ शेजारी-शेजारी ठेवलं. ओळखू येईनात! दोन्ही सारखेच पिवळट.

इथंच कथेचा गाभा सापडला असं मला वाटतं. आतापर्यंत सोनवेळ म्हणजे देवाचा कौल, राजाचा जन्म असलं काहीतरी होतं, आणि ते मलाच कंटाळवाणं वाटायचं. आता ती बाजार बंद करण्याची वेळ आहे. हळदीच्या पेठेत त्या तासाभरात सौदा करायचा नाही असा दंडक. आडत्यानं पोत्यात पीठ मिसळलं तर पकडणार कोण? रक्त काळं दिसतं, म्हणून हाणामारीतली जखम अन् चिखल एकच. साळ्यांच्या वाड्यात मात्र तेव्हाच जर पारखतात.

पंचांगाचं काम राहिलंय. पहिली सोनवेळ माळवटच्या पोळ्याला आणायचं घाटतंय, कारण तो अमावास्येचा, चंद्राची लुडबुड नाही, आणि रंगवलेली बैलं वेशीत उभी असतानाच आभाळ पेटेल. शिंगांचा लाल हिंगूळ त्या उजेडात कसा दिसतो ते अजून तपासायचंय. स्पिरिट संपलंय, बाजाराच्या दिवशी आणतो.