नामंजूर अर्जांची वही

नाशिकहून निफाड तालुक्यातल्या एका पतसंस्थेत जाऊन-येऊन मी कर्ज विभाग सांभाळते. अर्ज आला की आधी सिबिल बघायचं, हा आता रिवाजच झालाय. जुन्या कर्जफेडीवरून काढलेला ३०० ते ९०० मधला एक आकडा, आणि त्यावरून माणूस कर्ज फेडेल की बुडवेल याचा अंदाज.

अंदाज बांधायला माझी हरकत नाही. पण त्या आकड्याला हप्ता चुकलेला दिसतो, का चुकला ते दिसत नाही. डिसेंबर २०२३मध्ये केंद्राने कांद्याची निर्यात बंद केली, ती थेट मे २०२४मध्ये उठली. ऐन लाल कांद्याच्या हंगामात लासलगावला भाव कोसळले. तेव्हा आमच्याकडे ज्यांचे हप्ते चुकले, त्यांत वर्षानुवर्षं नेमाने फेडणारी माणसं होती. शेरा मात्र त्यांच्याच खात्यावर बसला.

अमेरिकेतला एक अभ्यास २०१९ साली ‘सायन्स’ या विज्ञानपत्रिकेत आला होता. जादा देखभाल कोणत्या रुग्णाला लागेल हे ठरवणारा अल्गोरिदम, म्हणजे संगणकाची हिशेबाची रीत, उपचारांवरच्या खर्चावरून आजाराचा अंदाज बांधत होता. कृष्णवर्णीयांवर खर्चच कमी होत आलेला. त्यामुळे ते जास्त आजारी असूनही मागे पडत. निवडलेल्यांत ते १७.७ टक्के होते, भेद काढला असता तर ४६.५ टक्के झाले असते. आणि त्यात वंशाचा रकाना नव्हताच!

हे वाचताना मला द्राक्षबागेत राबणाऱ्या बायकाच दिसत होत्या. सातबारा नवऱ्याचा, ट्रॅक्टरचं कर्ज नवऱ्याचं. तिच्या नावावर कर्जाचा इतिहासच नाही, म्हणून तिचा अर्ज अडतो.

सगळ्यात जास्त खुपतं ते पुढचं. कर्ज दिलेल्याने बुडवलं तर आमची चूक कळते. ज्याला नाकारलं त्याने फेडलं असतं का, हे कधीच कळत नाही. त्याची नोंदच होत नाही, आणि पुढचे अंदाज पुन्हा उरलेल्या नोंदींवरच बांधले जातात.

म्हणून कर्ज समितीपुढे मी मागणी ठेवली आहे. निव्वळ आकड्यामुळे नामंजूर झालेल्या अर्जांची वेगळी वही ठेवा. त्यातल्या काहींना छोटं कर्ज द्या आणि वसुली कशी होते ते लिहून ठेवा. नामंजुरीचं कारण अर्जदाराला लेखी, मराठीत द्या. काही संचालक तयार आहेत, वसुली अधिकारी म्हणतात, “ताई, मार्चनंतर बघू.” एप्रिलच्या बैठकीत हा विषय मी पुन्हा मांडणार आहे, गारपीट आणि निर्यातबंदीच्या तारखा थकीत खात्यांशेजारी लिहून.