चाळीस फ्रेम

काल आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आत्या मोबाइलवर मी संकलन केलेला टीव्हीचा जुना दिवाळी विशेष कार्यक्रम बघता बघता रडली. बापू गेले तेव्हा रडली नव्हती. मी शेजारी खापराच्या पुरणपोळीवर आमरस ओतत होतो. तेव्हापासून माझं डोकं ठिकाणावर नाही.

दुसरा अंतरा संपतो आणि प्रेक्षकांतली लाल साडीवाली दिसते, डोळे भरलेले. तिथेच. "ती बाई कशी रडी ऱ्हायनी देख," म्हणाली आणि पदर स्वतःच्याच डोळ्यांना लावला.

ती बाई रडत नव्हती, जांभई देत होती. शूटिंग रात्री दोनपर्यंत लांबलेलं, आणि शॉट तर आधीच्या लावणीचा. तासातून जाहिरातींची 12 मिनिटं गेली की कुठल्यातरी गाण्यावर सुरी फिरतेच. इथे तिसरा अंतरा उडवला. गायिकेचा हात कानापासून एकदम माइकवर आलेला दिसत होता. सांधा झाकायला प्रेक्षक हवाच. जांभईतलं उघडं तोंड कापलं, त्यानंतरचे 40 फ्रेम ठेवले. सेकंदाला 25, म्हणजे दीड सेकंदाहून जरा जास्त. नेमका ठेक्यावरचा कट उशिरा वाटतो, म्हणून दोन फ्रेम आधी मारला. हे कुणाला कळलं नाही. कळू नये, हाच तर धंदा.

गायिकेला फुलं, निवेदकाला टाळ्या. माझं नाव शेवटच्या पट्टीत, तीही पुढच्या मालिकेच्या जाहिरातीखाली चेपलेली. हल्ली तर फोनसुद्धा... जाऊ दे.

पण आत्या रडली ती माझ्या सांध्यावर. हे कुणाला सांगू? सांगितलं तर तिचं रडणं जांभईवरचं ठरेल. ठरेल का? बापू काही त्या जांभईत नव्हते. मग कुठे होते? गाळलेल्या अंतऱ्यात तर नक्कीच नाही, तो तिने ऐकलाच नाही.

रात्री झोक्यावर पोरींची गौराईची गाणी चालली होती. लय मनाला येईल तशी, एकेक ओळ पुन्हा पुन्हा. मी पडल्या पडल्या मनात निम्म्या ओळी उडवत होतो. सवय मेली!

आज निघताना आत्याने विचारलं, "कोन शे रे ती बाई?"

"दादरनी शे," मी ठोकून दिलं.

आत्याने त्या बाईसाठी ज्वारीचे बिबडे, म्हणजे पापड, बांधून दिलेत, भाजलेले, वर लसणाची चटणी. अमळनेरला गाडीत बसलो, जळगाव यायच्या आत निम्मे संपले. चटणी मात्र झणझणीत आहे, डोळ्यांतून पाणी काढते.