मधली जागा

परवा दुपारी भुयारी मार्गात एक व्हायोलिनवाला दिसला. वाजवत नव्हता. गुडघ्यावर बसून खिशातली नाणी स्वतःच्याच उघड्या पेटीत टाकत होता. एकदोन नोटाही, नीट दिसतील अशा. आधी कळेना, मग हसू आलं. रिकाम्या पेटीत पहिलं नाणं कुणी टाकत नाही. तेव्हा भवानी आपल्याच हातची!

लहानपणी दोरीवर चालणारी एक मुलगी पाहिली होती. हातात आडवा लांबलचक बांबू, नजर दोरीच्या टोकाला. आमच्याकडे तिनं एकदाही पाहिलं नाही, याचा मला चक्क राग आला होता. खेळ संपत आला की ताटली फिरणार, आणि ती फिरायच्या आत आई माझं मनगट धरून ओढणार. आता ओढायला आई नाही. पण कुठेही टोपी फिरू लागली की मनगट आपोआप ओढलं जातं, आणि मला नेमकं तेव्हाच मोबाइलमध्ये काहीतरी फार महत्त्वाचं बघायचं असतं.

जगप्रसिद्ध व्हायोलिनवादक जोशुआ बेलचा किस्सा आता सगळ्यांना पाठ झालाय. १२ जानेवारी २००७, वॉशिंग्टनचं मेट्रो स्टेशन, तिथे ओळख न देता साध्या भुयारी वादकासारखा वाजवणारा तो, हातात १७१३ सालचं स्ट्रॅडिव्हेरियस, म्हणजे अतिशय मौल्यवान व्हायोलिन. ४३ मिनिटांत १,०९७ माणसं गेली, थांबली ७. हे आकडे लोक फार चवीनं सांगतात. जणू त्या हजारांत आपण नसतोच. मला त्यातलं भलतंच लक्षात राहिलंय. एक रचना संपली की काहीच व्हायचं नाही. टाळी नाही, दाद नाही. ती मधली जागा इतकी अवघड व्हायची की तो घाईनं एखादा सूर छेडून पुढचं सुरू करायचा. एवढा मोठा वादक! फोनवर पलीकडून हुंकार आला नाही की आपण उगाच 'तर मग... हं...' करत राहतो, तसंच की हे.

वाजवताना निदान हात गुंतलेले असतात. संपल्यावर त्या हातांचं काय करायचं?

व्हायोलिनवाल्यानं सुरुवात केली. मी खांबाआड उभा राहिलो. ठरवलं, आज धून संपेपर्यंत थांबायचं आणि संपली की टाळी वाजवायची. धून संपली. माणसं जातच होती. एकट्याच्या टाळीचा आवाज भुयारात केवढा घुमेल, किती जण वळून बघतील, याचा मी हिशेब करत राहिलो. हात खिशातून बाहेर येईतो त्यानं पुढची सुरू केली होती.