तुम्ही विचारलंत म्हणून: भावजींच्या खुन्याला फाशी का नको?

दक्षिण आफ्रिकेतून पुण्यात उतरले की तिसऱ्या दिवशी हा प्रश्न येतोच. परवा हळदीकुंकवाला आला. “दिराला डोळ्यांदेखत गोळी घातली, तरी तू फाशी नको म्हणतेस?” सख्खा भाऊ असता तर असं बोलली नसतीस, हे पुढचं वाक्य कुणी म्हणत नाही, पण ऐकू येतं. एकदाचं लिहून टाकते.

मुळात माझ्या हातात काही नव्हतंच. दक्षिण आफ्रिकेच्या संविधान न्यायालयाने ६ जून १९९५ रोजी खुनासाठीची फाशी घटनाबाह्य ठरवली. अकराही न्यायाधीश एका मताचे. भावजी गेले २००९ मध्ये. तेव्हा तो निकाल वाचला आणि भडकले. कारण ज्यांच्या खटल्यात तो निकाल आला, ते मकवान्याने आणि मचुनू हे दोघे आरोपी काही निरपराध नव्हते. दरोड्यात चार जीव गेले होते. न्यायमूर्ती चास्कलसन यांनी आपल्या सुप्रीम कोर्टाचा फाशी वैध ठरवणारा १९८० चा बच्चन सिंग निकालही तपासला, आणि त्या वाटेने गेले नाहीत. लोकांना फाशी हवी असेल, पण घटनेचा अर्थ लावायचं काम लोकमतावर सोपवता येत नाही, असा त्यांचा मुद्दा. तुमच्या घरातलं कुणी गेलं नाही म्हणून सुचतं हे, असं मी मोठ्याने म्हणाले होते.

आता ओळखपरेडचं सांगते. हे हळदीकुंकवात सांगता येत नाही.

दुकान बंद करायची वेळ. मी गल्ल्यापाशी, भावजी शटर ओढत होते. दोघं आत घुसले, त्यातल्या एकाचं तोंड उघडं होतं. मी त्याला नीट पाहिलं. पाच आठवड्यांनी पोलिसांनी बोलावलं. रांगेत उभ्या माणसांपैकी पाचव्याकडे मी बोट दाखवलं. “खात्री आहे?” “शंभर टक्के.” घरी येऊन यांना म्हटलं, मला त्याच्या भुवयासुद्धा आठवतात. त्या रात्री कित्येक दिवसांनी झोप लागली.

पाचवा सात महिने कोठडीत होता. वकील सरकारी, जामिनाला पैसे नाहीत. मग कुणीतरी कागद हलवले आणि निघालं की त्या संध्याकाळी तो डर्बनच्या एका रुग्णालयात हात मोडून पडला होता. गल्ल्यावरचे ठसे पुढे दुसऱ्याच माणसाशी जुळले. तो मी कोर्टात पाहिला. पाचव्यासारखा अजिबात नव्हता. भुवया? त्या दोघांनाही होत्या.

पाचवा सुटल्याचं तपास अधिकाऱ्याने फोनवर असंच बोलता बोलता सांगितलं. पत्ता विचारला असता तर मिळाला असता. मी विचारला नाही.

तुम्ही म्हणाल, म्हणजे चूक होऊ शकते म्हणून फाशी नको. थांबा, इतकं सोपं नाही. खऱ्याने कबुली दिली. त्याच्या बाबतीत चूक नाही. २०११ मध्ये त्याला जन्मठेप सुनावली तेव्हा मला दोरच हवा होता, हे खोटं कशाला बोलू?

पुढे ओळखीने प्रिटोरियाच्या तुरुंगातला जुना वधस्तंभ पाहायला मिळाला. बावन्न पायऱ्या, वर एका वेळी सात जणांची सोय. एकट्या १९८७ मध्ये देशात १६४ जणांना लटकवलं. (खून थांबले नव्हते. फाशीने खून थांबतात म्हणणाऱ्या मामंजींसाठी हे.) पायऱ्या चढताना मी खुन्याचा चेहरा आठवायला गेले. आठवला पाचव्याचा.

मामंजींचा पुढचा मुद्दा बोत्स्वाना. हो, तिथे अजून फाशी देतात. घरच्यांना बरेचदा नंतरच कळतं, प्रेतही हाती येत नाही. उलट शेजारच्या झिंबाब्वेने २०२४ च्या शेवटच्या दिवशी ती रद्द केली. सही करणाऱ्या राष्ट्राध्यक्ष म्नानगाग्वांना तरुणपणी स्वतःलाच फाशी सुनावली गेली होती. आणीबाणीत परत आणण्याची फट मात्र ठेवलीच आहे.

जाऊबाईंना हा प्रश्न कुणी विचारत नाही. त्यांना तेव्हा फाशी हवी होती, आजही हवी आहे. त्यांच्यासमोर मी यातला एक शब्दही काढत नाही. तो भित्रेपणा असेल, तर असू दे.

पंचवीस वर्षं भरली की, २०३६ मध्ये, खुन्याला पॅरोल मागता येईल. घरच्यांना तिथे बोलता येतं. जाऊबाईंचं ठरलंय. माझ्यासाठीही एक खुर्ची असेल. तेव्हा मी चौऱ्याहत्तरची असेन, आणि काय बोलायचं ते मी अजून एकदाही लिहून काढलेलं नाही.