बहिणीचा एसजीपीए आणि मामाचा कांदा

मागच्या रविवारी आमच्या नाशिकच्या सिडकोतल्या घरी सकाळी सकाळी जो राडा झाला तो चक्क अ‍ॅव्हरेजवरून झाला. धाकटी बहीण बीएस्सीला आहे, केमिस्ट्री मेजर म्हणजे मुख्य विषय, एसवाय. तिसऱ्या सेमचा रिझल्ट लागला आणि मार्कशीटवर एसजीपीए, म्हणजे त्या सेमच्या ग्रेड पॉइंटची सरासरी, होता ७.९१. आता मी अंबडला एका फॅक्टरीत अकाउंट्सला, दिवसभर एक्सेलमध्येच असते, त्यामुळे घरात आकडेमोडीचं खातं माझ्याकडेच. मी तिचे नऊच्या नऊ ग्रेड आकड्यात टाकले, खाली अ‍ॅव्हरेज मारला, उत्तर आलं ८.२२. झालं. मी एकदम छातीठोकपणे सांगितलं की युनिव्हर्सिटीने घोळ घातलाय, तू अर्ज टाक. तिने लगेच वहीचं पान फाडून "माननीय प्राचार्य महोदय" पर्यंत लिहूनही काढलं.

तेवढ्यात मामा आला. मामा निफाडकडचा, फेब्रुवारी म्हणजे द्राक्षांचे दिवस, थॉमसनची पेटी घेऊन आला होता. चहा घेता घेता त्याने आमचं सगळं ऐकलं आणि मग एवढंच विचारलं, "यात वजन कुठं धरलं तुम्ही?"

आम्ही दोघी गप्प.

मग तो सांगायला लागला. म्हणे परवा लासलगावला माझे दोन ट्रॅक्टर गेले, एकात वीस क्विंटल लाल कांदा, तो गेला अठराशेनं. दुसऱ्यात पाच क्विंटल गोल्टी, म्हणजे बारका कांदा, ती बाराशेनं. तुझ्या हिशेबानं भाव किती पडला? मी म्हटलं पंधराशे. तर म्हणतो, "मग पंचवीस क्विंटलचे पंधराशेनं साडेसदतीस हजार झाले, अन् पट्टीवर बेचाळीस हजार हायेत. वरचे साडेचार हजार काय व्यापाऱ्यानं लाडानं दिले का?" बेचाळीस हजार भागिले पंचवीस, म्हणजे भाव पडला १६८०. जास्त वजनाचा माल ज्या भावानं जातो, सरासरी त्याच्याकडेच झुकते. हे कॉमर्स शिकलेल्या मला त्याने आमच्याच सोफ्यावर बसून सांगितलं, मागून आई हसत होती, आणि मी वेटेड अ‍ॅव्हरेज नावाचा प्रकार आयुष्यात कधी ऐकलाच नसल्यासारखा चेहरा करून द्राक्षं खात बसले.

तर सांगायचं काय की क्रेडिट म्हणजे वजन आणि ग्रेड म्हणजे भाव. एवढं धरलं की एसजीपीएमध्ये अवघड असं काही उरत नाही. यूजीसीची दहाची शिडी आहे, ओ म्हणजे १०, ए प्लस ९, ए ८, बी प्लस ७, बी ६, सी ५, पी म्हणजे नुसता पास ४, आणि नापास किंवा गैरहजर ०. प्रत्येक विषयाचे पॉइंट गुणिले त्याचे क्रेडिट, सगळ्यांची बेरीज, भागिले एकूण क्रेडिट. एक्सेलमध्ये समप्रॉडक्ट भागिले सम, संपलं. क्रेडिट कुठून येतं तर शिकवण्याच्या तासांवरून, थिअरीचं एक क्रेडिट म्हणजे सेममध्ये १५ तास आणि प्रॅक्टिकलचं ३० तास. म्हणजे चार क्रेडिटचा थिअरी पेपर हा साठ तासांचा माल आहे, त्याला आणि दोन क्रेडिटच्या पेपरला एकाच तराजूत नगाला नग म्हणून कसं मोजणार.

तिची मार्कशीट खरी अशी होती, बघा. मेजरचे तीन, त्यात चार क्रेडिटच्या थिअरीला बी, दोन क्रेडिटच्या दुसऱ्या थिअरीला बी प्लस, दोन क्रेडिटच्या प्रॅक्टिकलला ए. मायनर बॉटनी चार क्रेडिट, बी प्लस. बाकी सगळे दोन दोन क्रेडिटचे, ओपन इलेक्टिव्हला ओ, व्हीएससीला (व्होकेशनल स्किल कोर्स) ए प्लस, मराठीला ए, फील्ड प्रोजेक्टला ए प्लस आणि को-करिक्युलरला, म्हणजे तिच्या योगासनाला, ओ. एकूण २२ क्रेडिट, पॉइंट भरले १७४. १७४ भागिले २२, सात पूर्णांक एक्क्याण्णव. युनिव्हर्सिटी बरोबर, मी चूक, अर्जाच्या पानावर आईने नंतर वाण्याची यादी लिहिली.

पण गंमत त्याच्या पुढे आहे आणि खरं तर त्यासाठीच मी हे लिहायला घेतलं. मामा गेल्यावर मी सहज फक्त मेजरचे आठ क्रेडिट वेगळे काढले. चोवीस, चौदा आणि सोळा, ५४ पॉइंट भागिले ८. उत्तर ६.७५.

म्हणजे जी पोरगी सगळ्यांना "आठच्या जवळ आहे" सांगत फिरत होती ती तिच्या स्वतःच्या विषयात पावणेसातवर होती. ओपन इलेक्टिव्ह, को-करिक्युलर, प्रोजेक्ट यांनी सगळं वर उचलून धरलेलं. मी तिला आकडा दाखवला तर ती आधी चिडली, मग म्हणाली व्हीएससी आणि फील्ड प्रोजेक्ट पण मेजरशीच जोडलेले असतात, ते का नाही धरले? मुद्दा तसा बरोबर आहे, ते धरले तर ९० भागिले १२, साडेसात येतात. तेव्हापासून घरात दोन आकडे चालतात, ती लोकांना साडेसात सांगते आणि मी तिला पावणेसात.

हे मेजरचं वेगळं काढायचं मला सुचलं ते चुलतभावामुळे. तो अमेरिकेत एमएससाठी फॉर्म भरत होता तेव्हा काही फॉर्ममध्ये एकूण जीपीए वेगळा आणि मेजर जीपीए वेगळा असा रकानाच होता. तिकडे चारची शिडी, ए म्हणजे ४, बी ३, सी २, आणि मेजर जीपीएत फक्त आपल्या मुख्य विषयाचे कोर्स धरायचे. तिकडे हे इतकं रुळलेलं आहे की बऱ्याच ठिकाणी डिग्री हातात पडायला मेजरमध्ये सुद्धा कमीत कमी २.० लागतो, एकूण चांगला असून भागत नाही. (आपल्याकडची पोरं दहाचा आकडा अडीचने भागून चारचा करतात, ते करू नका, बऱ्याच युनिव्हर्सिट्या स्वतःच सांगतात की तुमच्या मूळ शिडीवरच लिहा, कन्व्हर्ट आम्ही करतो.) आपल्या मार्कशीटवर हा आकडा वेगळा छापून येत नाही म्हणून कोणी काढत नाही. पण पुढे एमएस्सी केमिस्ट्री करायची तर लोक केमिस्ट्रीच बघणार ना, योगासनाचा ओ कोण बघतंय.

आता प्लॅनिंग. इथे मी जरा माझ्या मैदानावर आले, कारण बजेट उलटं बांधणं हे माझं रोजचं काम.

पहिल्या सेमला तिचा ७.३६, दुसऱ्याला ७.६४, तिसऱ्याला ७.९१. प्रत्येक सेमला २२ क्रेडिटच असल्यामुळे इथे तिन्हीची साधी सरासरी चालते, वजन सारखंच आहे. (सगळीकडे चालत नाही हां. समजा एका सेमला १८ क्रेडिटवर ९ आणि दुसऱ्याला २४ क्रेडिटवर ७ असेल तर सीजीपीए, म्हणजे सगळ्या सेमचा मिळून आकडा, ८ नाही, ७.८६ येतो, परत तोच कांदा.) तर तिचे आत्तापर्यंतचे पॉइंट १६२ अधिक १६८ अधिक १७४, म्हणजे ५०४, भागिले ६६ क्रेडिट, सीजीपीए ७.६४. तीन वर्षांचे एकूण क्रेडिट १३२. तिला शेवटी ८ पाहिजे. १३२ गुणिले ८, १०५६ पॉइंट लागतात. त्यातले ५०४ खिशात आहेत, राहिले ५५२, ते उरलेल्या तीन सेमवर वाटले तर दर सेमला १८४. म्हणजे एसजीपीए ८.३६ पाहिजे, दर सेमला.

८.३६ ऐकून तिचं तोंड उतरलं. पण एसजीपीएत बोलूच नये, पॉइंटमध्ये बोलावं. १७४ चे १८४ करायचे, म्हणजे फक्त दहा पॉइंट. हे दहा आणायचे कुठून? ओपन इलेक्टिव्ह आणि को-करिक्युलरला आधीच ओ आहे, तिथे छताला डोकं लागलंय, अजून मेहनत केली तरी एक पॉइंट मिळणार नाही. आणि बाईसाहेब मागच्या सेमला जास्तीत जास्त वेळ कुठे घालवत होत्या? त्या ओपन इलेक्टिव्हच्या असाइनमेंटला, रंगीत पेनांनी मार्जिन आखून. तेच चार क्रेडिटची मेजर थिअरी बी वरून ए वर नेली की दोन पायऱ्या गुणिले चार, आठ पॉइंट. दोन क्रेडिटची दुसरी मेजर थिअरी बी प्लस वरून ए वर, आणखी दोन. झाले दहा! बाकी सातही विषय जिथे आहेत तिथेच राहू द्या. पुढच्या सेममध्ये विषयांची मांडणी थोडी इकडेतिकडे होईल, पण हिशेबाची जात हीच. आणि यात मेजरचा आकडा बघा, ५४ चे ६४ होतात, भागिले आठ, बरोब्बर ८. म्हणजे तिचं एकूणचं टार्गेट आणि मेजरचं टार्गेट त्याच दोन पेपरात बसलेलं होतं आणि आम्ही ते मराठी आणि योगासनात शोधत होतो.

मग मी आगाऊपणा केला आणि विचारलं की ८ च का? तर म्हणे चौथं वर्ष करायचंय, रिसर्चवालं. यूजीसीच्या २०२२ च्या चौकटीत चार वर्षांच्या डिग्रीत ऑनर्स विथ रिसर्च घ्यायचं असेल तर पहिल्या सहा सेममध्ये ७५ टक्के लागतात. टक्के म्हणतात, सीजीपीए नाही. तिच्या मैत्रिणींच्या ग्रुपवर कोणीतरी टाकलेलं की सीजीपीए गुणिले साडेनऊ करायचं, म्हणजे ८ चे ७६ टक्के, पास. मला तो साडेनऊ ओळखीचा वाटला म्हणून शोधलं तर तो सीबीएसईच्या दहावीचा फॉर्म्युला निघाला, त्यांच्याकडे दहावीला सीजीपीए होता तेव्हाचा! बीएस्सीशी त्याचा काय संबंध. उलट एआयसीटीईचा जो तक्ता आहे, टेक्निकल कोर्सवाल्यांचा, त्यात ७५ टक्क्यांसमोर ८.२५ आहे आणि ७.७५ समोर ७०. त्या मापाने ८ म्हणजे साडेबहात्तरच. तोही तिला लागू नाही, पण एकाच ८ चे कुणाकडे ७६ आणि कुणाकडे ७२.५ होतात आणि मधोमध आपली ७५ ची रेघ, हे बघून मी तिला सांगितलं की ग्रुपवरचं काही धरायचं नाही, ज्या युनिव्हर्सिटीची मार्कशीट त्याच युनिव्हर्सिटीचा कन्व्हर्जनचा नियम, आणि तो ऑफिसमधून कागदावर घ्यायचा, तोंडी नाही.

तोपर्यंत सेफ बाजूने ८.२५ धरून पाहिलं. १०८९ पॉइंट लागतात, दर सेमला १९५, म्हणजे आत्तापेक्षा २१ जास्त. मेजरचे तिन्ही ए प्लसला नेले तरी १८ च येतात, वर मायनर बॉटनी एक पायरी चढली की चार, तेव्हा कुठे जमतं. म्हणजे जमतं, पण श्वास घ्यायला जागा नाही. हे मी तिच्यापासून लपवलं नाही, दोन्ही टार्गेट शेजारी शेजारी कॉलममध्ये टाकून दिलीत, काय झेपेल ते तिचं तिने ठरवावं.

एक अजून, ग्रेड म्हणजे डबे असतात. डब्याच्या तळाशी असलेल्याला आणि काठाशी असलेल्याला पॉइंट सारखेच. तिच्या त्या बी मिळालेल्या थिअरीचे मार्क काढून बघितले तर वरच्या डब्याला फक्त दोन कमी होते, आणि शंभरातले तीस मार्क इंटर्नलचे, त्यातली एक टेस्ट तिने दिलीच नव्हती कारण त्या दिवशी पाऊस होता आणि सीबीएसला, म्हणजे मध्यवर्ती बस स्टँडला, बस बदलायला उभी राहिली ती पाऊण तास उभीच. दोन मार्कांपायी एक पायरी, गुणिले चार क्रेडिट, चार पॉइंट. यावर ती काही बोलली नाही, मीही नाही बोलले.

आता शीट तिच्या मोबाईलवर आहे. रोज रात्री बी च्या जागी ओ टाकून बघते, ८.६ वगैरे आलं की मला ओरडून सांगते, मग परत खरं टाकते. काल विचारलं पुढचं ओपन इलेक्टिव्ह कसलं घेणार, तर म्हणाली ज्याचं लेक्चर सव्वाबाराला सुटतं ते, नंतरच्या बसला जागा मिळत नाही.